शंका घेण्याची नोकरी

माझ्या नोकरीत शंका घेण्याचा पगार मिळतो. ऑकलंडच्या पश्चिमेला, न्यू लिनमध्ये, पाच वर्षांखालच्या मुलांचं एक केंद्र आहे. तिथे मी शिक्षिका आहे. भारतातले नातेवाईक म्हणतात, "म्हणजे बालवाडीच ना! गाणी म्हणायची, टाळ्या वाजवायच्या." मी हो म्हणते. गाणी आम्ही म्हणतो, टाळ्याही वाजवतो. पण तेव्हा माझं लक्ष टाळी न वाजवणाऱ्या मुलाकडे असतं. काल हा वाजवत होता, आज का नाही? हात दुखतोय का? दुखतोय तर पडला, की कुणी ओढला?

या कामाला प्रेमळ स्वभाव लागतो असा एक समज आहे. माझा तसा नाही. मुलाखतीतच मी सांगितलं होतं की मला लहान मुलं गोड वगैरे वाटत नाहीत, माणसंच वाटतात, उंचीनं कमी. तरी त्यांनी मला घेतलं. त्या वर्षी शिक्षक मिळत नव्हते.

बाहेरच्या माणसाला आमचं काम समजावून सांगायचं तर ते असं. तीन वर्षांच्या मुलाला "तुला काय होतंय?" असं विचारून फारसा उपयोग नसतो. ते "पोट दुखतंय" म्हणेल, कारण मागच्या वेळी पोट दुखतंय म्हटल्यावर आई न्यायला आली होती. त्यामुळे आम्ही विचारण्यापेक्षा बघतो. मूल खातंय का, झोपतंय का, शी-शू वेळेवर होतेय का, खेळतंय का. यातली एखादी गोष्ट बिघडली तर लक्ष ठेवायचं. दोन बिघडल्या तर मॅनेजरला सांगायचं. आणि एखादं मूल एखाद्या मोठ्या माणसाला अचानक घाबरायला लागलं तर बाकी सगळं बाजूला ठेवायचं आणि त्या माणसाला मुलापासून आधी दूर करायचं, चौकशी नंतर. मग तो माणूस कितीही सज्जन असो. नव्या शिक्षकांना हे मीच शिकवते. शिकवताना आवाज जरा चढतो, असं म्हणतात.

शंका दर वेळी खरी ठरत नाही. ब्रुक नावाची एक मुलगी होती. घरी जायची वेळ झाली की लंगडायला लागायची. गमबूट काढून बघितला तर आत सँडविचच्या कडा, केळ्याचे तुकडे, अर्धं मफिन, सगळं चेपून भरलेलं. घरी खायला मिळत नसणार, असं आम्ही धरून चाललो. आई तरुण, दमलेली, भर थंडीत जँडल्स, म्हणजे रबरी चपला, घालून यायची. आम्ही तिला न दुखावता ब्रुकच्या बॅगेत रोज जास्तीचं काहीतरी ठेवायला लागलो. एक दिवस आईनंच विचारलं, "तुम्ही आमच्या कोंबड्यांना केक का पाठवता? अंडी द्यायचं सोडलंय त्यांनी."

आणि एक मुलगा होता, त्याचं नाव लिहीत नाही. त्याची उन्हाची टोपी काढायला कुणी हात वर केला की तो डोळे मिटून मान खांद्यात ओढायचा. आम्ही जिथे कळवायचं तिथे कळवलं. तेवढ्यात त्याचं कुटुंब क्राइस्टचर्चला, हॉर्नबीच्या बाजूला निघून गेलं. पुढे काय झालं हे मागच्या केंद्राला सांगायची पद्धत नाही. मला आजही माहीत नाही. आजही मी कुठल्याही मुलाची टोपी काढताना हात खालून नेते.

आता निहारबद्दल.

निहार आला तेव्हा सव्वातीन वर्षांचा होता. आईवडील अकोल्याचे. वडील टौरंगाला बंदराच्या संगणकाचं काम बघायचे आणि शनिवार-रविवार घरी यायचे. आई प्राजक्ता ऑकलंडमध्येच एका कंपनीत सॉफ्टवेअर तपासायची. आमच्याकडे प्रत्येक मुलाला एक हक्काची शिक्षिका नेमून देतात. मूल रडलं तर आधी तिनं जायचं, कपडे तिनं बदलायचे, आईवडिलांशी तिनं बोलायचं. केंद्रात मराठी बोलणारी मी एकटीच, म्हणून निहार माझ्याकडे आला. प्राजक्ता पहिल्याच दिवशी म्हणाली, "वैशालीताई, तुम्ही आहात म्हटल्यावर माझं टेन्शन हाफ झालं."

पोरगं शहाणं होतं. खाण्यात मात्र अत्यंत सावकाश. पोळीचा तुकडा हातात घेऊन त्याच्याशी बोलत बसायचं. त्या तुकड्याची कधी गाडी व्हायची, कधी मासा, कधी मेरेची टोपी. मेरे ही माझी सहकारी, माओरी, पोटातून हसणारी बाई. मी निहारला कधी घाई केली नाही. मुलाला भूक लागली की ते खातं. त्याच्या तोंडापुढे घास नाचवणं, मागे लागणं, जबरदस्तीनं भरवणं, हे इथे अजिबात चालत नाही. नोकरी जाऊ शकते आणि ती जावी असंच माझं मत आहे.

मग मी रजेवर भारतात जाऊन आले. परतल्यावर पहिल्या सकाळी खोलीत शिरले. निहार निळ्या प्लेडोच्या, म्हणजे खेळायच्या मऊ कणकेच्या, टेबलाशी होता. मी म्हटलं, "काय निहार, ओळखलंस का?"

त्यानं वर बघितलं आणि दोन्ही हातांनी तो निळा गोळा तोंडात कोंबायला सुरुवात केली.

मला वाटलं, खेळ असेल. दुसऱ्या दिवशी मी वाळूच्या खड्ड्याशी गेले तर त्यानं वाळू तोंडात भरली. माझ्याकडे बघत, गाल फुगेपर्यंत. तिसऱ्यांदा सकाळच्या खाण्याच्या वेळी मी फक्त दारातून आत आले. निहारनं समोरच्या ताटातले टोस्टचे तुकडे एकामागून एक तोंडात लोटले आणि त्याचा श्वास अडकला. मी अंतरावर होते. मेरे शेजारी होती. तिनं त्याला मांडीवर पालथा घेऊन पाठीत थापट्या मारल्या आणि टोस्टचा लगदा बाहेर आला. निहार लाल झाला होता, डोळ्यांतून पाणी गळत होतं. त्यानं पुन्हा माझ्याकडे बघितलं आणि रडत रडतच पुढच्या तुकड्याकडे हात नेला.

खोलीतल्या सगळ्या मोठ्या माणसांनी ते पाहिलं. मी त्यांच्या जागी असते तर जे मनात आणलं असतं तेच त्यांनी आणलं.

हेदर आमची मॅनेजर. उंच, कोरडी, न्यायी बाई. तिनं मला खोलीत बोलावलं आणि दार लावलं.

"व्हॅल," ती म्हणाली. वैशाली हे नाव तिथे कुणाला झेपत नाही. "हे दुसऱ्या कुणाच्या बाबतीत झालं असतं तर तू काय म्हणाली असतीस?"

"आधी दूर करा, म्हटलं असतं."

"मग?"

"मग मला दूर कर."

"तू त्याला कधी भरवलंस? लवकर खा म्हणून मागे लागलीस?"

"नाही."

"तू त्याच्याशी तुमच्या भाषेत बोलतेस. काय बोलतेस?"

"पाणी पी. शू लागली का. बूट उलटे घातलेस."

"हे मी कसं पडताळून बघू?"

कसं बघणार ती? गेले कित्येक महिने मी त्या केंद्रात सगळ्यांदेखत एका मुलाशी अशा भाषेत बोलत होते की मी त्याला रोज शिव्या दिल्या असत्या तरी कुणाला कळलं नसतं. मी स्वतः हेदरच्या खुर्चीत असते तर ही शंका तिच्याआधी घेतली असती.

असं ठरलं की निहार मेरेकडे जाईल, मी तान्ह्या बाळांच्या खोलीत काम करीन आणि तिथेही एकटी राहणार नाही, नेहमी दुसरं कुणीतरी बरोबर असेल. चौकशी होईपर्यंत मुलांशी फक्त इंग्रजी. चौकशीत काही निघालं तर प्रकरण शिक्षकांची नोंदणी ठेवणाऱ्यांकडे जाणार होतं. नोंदणी गेली की इथे शिकवता येत नाही. माझ्या वयाच्या बाईनं मग काय करायचं, तर सुपरमार्केटच्या गल्ल्यावर बसायचं. त्यात कमीपणा नाही, पण मला ते यायचं नाही. गिऱ्हाइकांवर मी शंका घेत बसेन.

दुसऱ्या दिवशी प्राजक्ता आली. मी दारातच होते.

"वैशाली मॅम," ती म्हणाली.

ताईची मॅम झाली, तिथेच मला काय ते समजलं. मराठी माणूस भांडायच्या आधी अंतर वाढवून घेतो.

"मी डायरेक्ट विचारते हं. माझ्या मुलाला तुम्ही काय केलंत?"

"हेदरशी बोला. मला यावर बोलायची परवानगी नाही."

"कारण घरी तर तो इतका छान जेवतो! सासूबाई आल्यापासून ताट चाटूनपुसून साफ. फर्स्ट टाइम इन हिज लाइफ. मग प्रॉब्लेम इथेच का होतो?"

ती आत गेली. मी बाळाचा लंगोट बदलायला वळले. पण ते वाक्य माझ्या डोक्यात रुतून बसलं. जे मूल पोळीशी गप्पा मारत अर्धा तास घालवायचं, ते अचानक ताट साफ करतं? आईला यात आनंद दिसला, मला दिसेना. मूल एकाएकी शहाण्यासारखं वागायला लागलं की मी आधी बघते, त्याला कुणाची भीती घातलीय का. पण हे सांगणार कुणाला? ज्या बाईवर संशय आहे, तिनं मुलाच्या आजीवर बोट दाखवायचं? कुणीही म्हणेल, स्वतःवरचं ढकलतेय.

ते दिवस वाईट गेले. संशय घेण्याची सवय होती, संशय अंगावर झेलण्याची नव्हती. मी स्वयंपाकघरात गेले की बोलणं बदलतं असं वाटायचं. कदाचित बदलतही असेल. शनिवारी भारतीय दुकानात मेथीची जुडी बघत होते तर पलीकडच्या दोन मराठी बायका बोलायच्या थांबल्या. त्यातली एक प्राजक्ताच्या ओळखीची. मी जुडी परत ठेवली आणि घरी आले. मेरेवरही मी शंका घेतली. निहारचा तिला लळा होता. मी रजेवर असताना तिनं तर त्याला काही सांगितलं नसेल? असल्या विचारांची लाज वाटायला हवी होती. वाटली नाही, कारण तेव्हा मी सगळ्यांचाच हिशोब मांडत होते.

अशात एक दिवस मेरे चहा करता करता म्हणाली, "व्हॅल, गुड न्यूज. निहार तुझ्याबद्दल बोलतो."

"काय बोलतो?"

"तुला जॉली म्हणतो. जॉली बाय. म्हणजे आवडतेस गं तू त्याला!"

मी तिच्याकडे बघितलं. पन्नाशी उलटली माझी. मला आजवर आईनं जॉली म्हटलं नाही, नवऱ्यानं म्हटलं नाही. ही बाई माझी थट्टा करतेय, असंच मला वाटलं.

"कुठल्या आवाजात म्हणाला?"

"हळूच. कुजबुजत."

"कुठे होता तेव्हा?"

मेरे थांबली. "टेबलाखाली."

"टेबलाखाली बसून जॉली?"

"हो ना... आणि अ‍ॅलीचं पण नाव घेतो. जॉली बाय अ‍ॅली. कोण अ‍ॅली, कुणी मैत्रीण असेल त्याची. तू खिडकीबाहेरून गेलीस ना, तेव्हा म्हणाला. जॉली बाय अ‍ॅली, जॉली बाय अ‍ॅली."

मी कप खाली ठेवला. झोळीबाई आली.

मराठी घरात वाढलेल्या माणसाला हे समजावून सांगायला नको. जेव, नाहीतर झोळीवाला येईल. झोप, नाहीतर बागुलबुवा येईल. कुणाकडे रद्दीवाला असायचा, कुणाकडे डॉक्टर, कुणाकडे पोलीस. आमच्या नाशिकच्या गल्लीत एक बोहारीण यायची. ती बिचारी जुन्या लुगड्यांवर स्टीलचं पातेलं द्यायची, आणि आम्ही तिला बघून पलंगाखाली जायचो. आता त्या पलंगाबाहेर मी उभी होते.

मी मेरेला सगळं सांगितलं. तिला आधी हसू आलं आणि मग ते पूर्ण गेलं. आम्ही दोघी हेदरकडे गेलो.

हेदरनं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "व्हॅल, तू खोटं बोलतेस असं मी म्हणत नाही. पण या शब्दाचा अर्थ सांगणारी या इमारतीत एकच व्यक्ती आहे, आणि तक्रार तिच्याविरुद्ध आहे. हे फार सोयीचं आहे."

"बरोबर आहे," मी म्हटलं. खरंच बरोबर होतं. तिनं माझं लगेच ऐकलं असतं तर तिच्याबद्दलचं माझं मत उतरलं असतं. "तू घरच्यांना बोलाव. त्याला जेवायला कोण घालतं, त्यांनाही बोलाव. तो शब्द आपण उच्चारायचा नाही. जेवताना काय म्हणता, एवढंच विचार. आणि मी भाषांतर करणार नाही."

ठरल्या दिवशी प्राजक्ता आली आणि तिच्यामागून तिच्या सासूबाई. नऊवारी नव्हे, साधी गोल साडी, वर सुनेचा जाड स्वेटर, पायात पांढरे स्पोर्ट्स शूज. "जय भीम," त्या सगळ्यांना उद्देशून म्हणाल्या. मीही जय भीम म्हटलं. मग त्यांनी मला वरपासून खालपर्यंत निरखलं.

"फोटोत जाड दिसता," त्या म्हणाल्या.

कुठला फोटो, हे मी विचारणार होते, तेवढ्यात हेदरनं सगळ्यांना बसायला सांगितलं.

हेदरनं इंग्रजीत विचारलं की निहार जेवायला बसतो तेव्हा घरी त्याला काय म्हणतात.

"नथिंग," प्राजक्ता म्हणाली. "वी नेव्हर फोर्स हिम. आमच्या घरी असं काही नसतं."

"काय विचारून रायली ते?" सासूबाईंनी सुनेला कोपरानं ढोसलं.

"काही नाही हो आई. निहारला जेवताना तुम्ही काही म्हणता का, असं विचारतायत."

"म्हंतो ना. काऊन?"

"काय म्हणता?"

"काय म्हंतो म्हंजे? लवकर जेव, नाई तं झोळीबाई येते अन् तुले झोळीत टाकून नेते. पटापट जेवते मग. एका घासाचे दोन करत नाई."

प्राजक्ताचा चेहरा उतरला. हेदर सवयीनं माझ्याकडे वळली. "काय म्हणाल्या त्या?"

"मी सांगणार नाही," मी म्हटलं. "त्या सांगतील."

प्राजक्ता सुरू झाली. "इट्स लाइक अ... स्टोरी. एक गोष्ट असते. इन अवर कल्चर, देअर इज अ लेडी..." आणि अडली. मी मदत केली नाही. आपल्याच सासूचं वाक्य इंग्रजीत नेताना तिची जी दमछाक चालली होती, ती मी शांतपणे बघत बसले. मला त्याचं फार वाईट वाटलं असं म्हणवत नाही.

सासूबाईंना वाटलं सुनेला नीट सांगता येत नाही. त्यांनी पर्समधून फोन काढला, चष्मा वर केला, बोटानं दोनचार फोटो सरकवले आणि फोन थेट हेदरसमोर धरला.

फोटोत मी होते. आमच्याकडे दुपारच्या झोपेच्या चादरी धुवायला टाकताना एका मोठ्या पांढऱ्या पोत्यात भरतात. ते पोतं खांद्यावर टाकून मी अंगणातून चाललेय, पावसाचं आभाळ आहे, कपाळाला आठ्या. हा फोटो मेरेनंच गंमत म्हणून काढून पालकांच्या अ‍ॅपवर टाकला होता. त्या पोत्यात एक मूल खरंच आरामात मावलं असतं.

"आई!" प्राजक्ता जवळजवळ किंचाळली. "ह्या त्याच्या टीचर आहेत!"

"मले काय मालूम? मले वाटलं कपडे धुवाले ठेवली असन बाई."

"पण त्यांचाच फोटो का?"

"मंग कोणाचा दाखवू? त्या गोऱ्या बायांचं भेव कोणाले वाटते? साऱ्या दात काढून हासतात. या मॅडमचं तोंड पाहा ना. एक डाव दाखवलं का काम झालं."

हेदरला एकही शब्द कळला नव्हता, पण फोटोकडे, माझ्याकडे आणि पुन्हा फोटोकडे बघून तिनं ओठ घट्ट मिटले. तिला हसू येत होतं हे मला पक्कं माहीत आहे. मलाही येत होतं. पण मी म्हटलं, "आजी, त्याच्या घशात टोस्ट अडकला होता."

"कोणाच्या?"

"निहारच्या. मला बघितलं आणि त्यानं सगळं तोंडात कोंबलं. श्वास बंद झाला होता."

त्यांनी सुनेकडे बघितलं. प्राजक्तानं मान खाली घातली. आजींना काळजी नको म्हणून घरात कुणी त्यांना हे सांगितलंच नव्हतं.

त्यांनी फोन मांडीवर पालथा ठेवला. मग म्हणाल्या, "मले कोणीच काई सांगत नाई इथं. दिवसभर मी अन् चार भिंती. टीव्ही समजत नाई, शेजारीण समजत नाई. पोरगा तिकडं टौरंगाले. आल्या आल्या म्हणे, आई, तू फक्त याले खाऊ घाल, बाकी काई करू नको. एकच काम देलं. तेही जमत नाई म्हणू का मी त्याले?"

हे मात्र प्राजक्तानं न अडखळता भाषांतर करून हेदरला सांगितलं. पुष्कळ वेळ सांगत होती. मूळ बोलण्यापेक्षा भाषांतर लांबलं. त्यात तिचं स्वतःचंही काही आलं असावं.

तक्रार मागे घेतली गेली. मी निहारच्या खोलीत परत आले, मराठीची बंदीही उठली. हेदरनं माफी मागितली नाही, मीही मागू दिली नसती. तिनं तिचं काम चोख केलं होतं. सासूबाईंनी आमच्यासमोर तो फोटो पुसून टाकला. पण निहारच्या डोक्यातला कोण पुसणार? मोठ्या माणसाला सांगता येतं की झालं ते गैरसमजातून झालं. तीन वर्षांच्या मुलाला "मी झोळीबाई नाही" असं सांगायला गेलं, तर झोळीबाईही हेच म्हणाली असती असं त्याला वाटणार.

म्हणून मी त्याला काहीच सांगितलं नाही. दुपारी मुलं जेवायला बसली की मी टेबलाच्या दुसऱ्या टोकाला, अर्धी पाठ करून, माझा डबा खायची. त्याच्याकडे बघायचं नाही, बोलायचं नाही, हसायचं तर मुळीच नाही. हसून त्याचा विश्वास बसला नसता. त्याच्यासमोर बसलेली मेरे मला नंतर सांगायची, आज तोंडात दोन घास एकदम होते, आज एकच. चादरींचं पोतं मी खांद्यावर घेणं बंद केलं. ते अंगणात उघडं ठेवायचं आणि मोठ्या मुलांनी त्यात चादरी टाकायच्या. निहार लांबून बघायचा. पोत्यात चादरीच जातात आणि चादरीच निघतात, हे त्यानं स्वतः पुष्कळ वेळा पाहिलं.

सासूबाई कधीकधी त्याला न्यायला यायच्या. एकदा दारात मला म्हणाल्या, "आता परत ताटाशी बोलत बसते ते. तुमच्यापायी."

"छान झालं," मी म्हटलं.

"काय छान? पोळी थंड होते."

"होऊ दे थंड."

त्यांनी मान झटकली, पण दुसऱ्या आठवड्यात माझ्यासाठी कागदात बांधून शेंगदाण्याची चटणी आणली. प्राजक्ता मात्र अजून मॅमच म्हणते. ताई काही परत आली नाही. ते मला लागतं, हे इथे लिहून टाकते, कारण तिला तोंडावर मी कधी म्हणणार नाही.

निहार माझ्याशी बोलत नव्हता. मेरेशी इंग्रजीत बोलायचा, मुलांशी बोलायचा, माझ्यासमोर गप्प. तोंडात कोंबणं कमी झालं होतं, पण मी जवळून गेले की हात खाऊ शोधायचा. मी समजून चालले होते की हा मुलगा पाच वर्षांचा होऊन शाळेत जाईल आणि माझ्या यादीत त्या टोपीवाल्या मुलाशेजारी जाऊन बसेल, काय झालं ते न कळलेला.

मग एका सकाळी मी वाळूच्या खड्ड्याभोवतीची वाळू झाडत होते. खड्ड्यात निहार आणि ल्यूकस नावाचं एक दांडगं पोरगं एकाच पिवळ्या खोदयंत्रावरून ओढाताण करत होते. ल्यूकसनं ते हिसकावलं. निहार उठला. रडला नाही. त्यानं ल्यूकसचं मनगट पकडलं आणि त्याला ओढत थेट माझ्याकडे आणलं. हातभर अंतरावर थांबला, मान वर करून माझ्याकडे बघितलं आणि स्वच्छ मराठीत म्हणाला,

"ह्याला ने."

ल्यूकसला काही कळलं नाही. तो खूश होता, त्याला वाटलं काहीतरी नवीन खेळ आहे.

"काय म्हणाला?" मेरेनं कुंपणापासून विचारलं.

"ल्यूकसला पोत्यात घालून घेऊन जा म्हणतोय."

मेरेनं क्षणभर माझ्याकडे रोखून बघितलं. हा खरंच असं म्हणाला, की व्हॅल स्वतःच्या मनाचं सांगतेय? "नक्की?"

"नक्की."

निहार ल्यूकसला घट्ट धरून उभा होता, मी कधी नेते याची वाट बघत. दुसऱ्या हातात काही नव्हतं. तोंडातही काही नव्हतं.